काकूंनी न दिलेलं उत्तर

"माझ्याकडे अशिलाच्या सूचना नाहीत." वकिलाच्या या एका वाक्यावर माणसाचा दावा फेटाळला जातो, घरही जातं. मला त्या वाक्याचा अजून धाक वाटतो. तरी त्या सकाळी नॉटिंगहॅमच्या कोर्टात मी ते म्हणणार होते, आणि काकूंवर चिडून म्हणणार होते.

काकू माझ्या अशील, वयाने आईएवढ्या. नवरा गेल्यावर मोठ्या दिरांनी राहतं घर विकायला काढलं. कागदावर नाव दिरांचं होतं. घरात आपलाही हक्क आहे, असा काकूंचा दावा. मग दिरांनी तडजोड सुचवली: घर सोडा, बस स्टॉपजवळच्या लहान फ्लॅटमध्ये राहा. मला ती पसंत पडली आणि मी काकूंना तसं सांगितलंही. आता हो की नाही, एवढंच हवं होतं. पत्रं पाठवली, फोन केले. दर वेळी उत्तर एकच, "तुला योग्य वाटेल ते कर गं. तू शिकलेली." पण निर्णय अशिलाचाच लागतो, त्यालाच सूचना म्हणतात; वकिलाला तो घेता येत नाही. कोर्टाने दिलेली शेवटची मुदतही उलटली.

आज दावा फेटाळला जाईल असं मी कळवलं होतं, म्हणून काकू बसने आल्या. माझ्या हातात नारळाच्या वड्यांचा डबा ठेवून मागच्या खुर्चीत बसल्या. मला आणखीच राग आला.

खोली लहानशी, जजबाई साध्या निळ्या कोटात. मी उभी राहून ते वाक्य म्हटलं. बाईंनी मागे कोण बसलंय ते विचारलं, पेन खाली ठेवलं आणि थेट काकूंना म्हणाल्या, "तुम्हाला काय हवंय, ते तुमच्या वकिलांना माहीत नाही. मला सांगाल?"

काकूंनी माझ्याकडे पाहिलं.

"त्यांच्याकडे नका बघू," बाई म्हणाल्या आणि थांबल्या. इतक्या शांतपणे कोणाची वाट पाहणारं माणूस मी त्याआधी पाहिलं नव्हतं. बाहेर पुढच्या केसची माणसं ताटकळत होती, तरी त्यांनी एकदाही घड्याळ पाहिलं नाही.

शेवटी काकू उठल्या. खुर्चीची पाठ धरून म्हणाल्या, "शी इज गुड गर्ल. शी लाइक फ्लॅट फॉर मी. हाऊ आय से नो टु हर?" मग जरा मोठ्याने, "आय वॉन्ट माय हाऊस."

"या सूचना झाल्या," बाई मला म्हणाल्या आणि सुनावणीची पुढची तारीख दिली.

मी थक्क होऊन खाली बसले. माझी आईसुद्धा कुणाला तोंडावर नाही म्हणत नाही, 'तुम्हाला योग्य वाटेल ते' म्हणते. मी तिच्याच घरात वाढले. तरी त्यामागचं 'नाही' ओळखलं एका इंग्रज बाईने, नुसतं थांबून.

फाइलवर 'घर हवं' असं मी लिहीत होते. तेवढ्यात मागून काकूंनी हळूच विचारलं, "रागावलीस का गं?"