पास्कूचं वाक्य

कानावर मोगऱ्याचं फूल खोचलेला नट कंबर लचकवत म्हणाला, "तू आला नाहीस, की वेलींना पाणी द्यायचंच विसरतो मी."

अख्खं वटार, सगळी वस्ती हसली. पुढच्या बाकावरचे फादरसुद्धा.

तिसऱ्या रांगेत पास्कू आईशेजारी बसला होता. तो हसला नाही. ते वाक्य त्याचं होतं. त्याच्या पानवेलीच्या वाडीत, विहिरीच्या काठावर बसून तो ते मला म्हणाला होता. मला एकट्याला.

नाटक मी लिहिलं होतं.

सत्तरचं दशक सरत आलं होतं. मी शाळेत मास्तर. चर्चच्या सणाला दरवर्षी माझं नाटक व्हायचं. त्या वर्षी दोन पुरुषांचं प्रेम लिहिलं. साधं. आम्ही होतो तसं. नाटकाचा खर्च करणाऱ्या बागायतदाराने तालमीत वही मिटली.

"मास्तर, दोन बाप्ये असं बोलतात होय? सिनेमात बघा. असलं पात्र आलं की लोक पोट धरून हसतात. बायकी करा त्याला." मग माझ्याकडे बघत राहिला. "की तुम्हालाच तसलं काही?"

सगळे हसले. सगळ्यांत मोठ्याने मी. नोकरी, घर, गाव, सगळं त्या हसण्याने वाचवलं.

दोन दिवसांत पात्र बदलून आणलं. ते वाक्य मात्र काढलं नाही. चांगलं होतं ना. लेखकाची हाव.

सणानंतर पास्कू दिसला की लोक विचारायचे, "काय रे, वेलींना पाणी घातलंस?" तो एकदाच माझ्याकडे आला. एरवी नावाने हाक मारायचा.

"मास्तर," म्हणाला, "वाक्य चांगलं बसवलंत."

वाडी भावाला देऊन तो आखातात गेला. तिथेच वारला. गावच्या चर्चमध्ये त्याच्यासाठी मिस्सा, प्रार्थना झाली, तेव्हा मी शेवटच्या बाकावर बसलो.

आता गावातली मुलं तेच नाटक पुन्हा करणार आहेत. परवा परवानगी मागायला आली. "सर, तो फूलवाला सीन ठेवायचाच. सगळ्यांना पाठ आहे."

मी नाही म्हटलं. त्यांना पहिली वही दिली. खोडण्याआधीची. करायचं तर हे करा.

ते करोत, न करोत. सणाला मी रंगमंचावर चढणार आहे. ते वाक्य कोण कोणाला म्हणालं होतं, ते दोन्ही नावांनिशी सांगणार आहे. कंबर न लचकवता.

मग ज्याला हसायचं त्याने माझ्या तोंडावर हसावं.