फाटकाबाहेरचे प्रलय

आमच्या घरात जगबुडीची पुस्तकं आणायला बंदी आहे, अजूनही. ही बंदी माझ्या सासूबाईंची. त्यांना मी इकडच्या रीतीप्रमाणे मामीजी म्हणते. लग्न होऊन या जाम गावाला आले तेव्हा माझ्या बॅगेत साड्यांच्या खाली तीन पुस्तकं होती. एक बुडालेल्या जहाजाचं, एक कोसळलेल्या पुलांचं, आणि तिसरं, धूमकेतू पृथ्वीवर आदळला तर पहिल्या क्षणापासून काय काय होईल याचं. तिसऱ्याच्या मुखपृष्ठावर आगीचा मोठा लोळ होता. बॅग रिकामी करायला मदत करणाऱ्या मामीजींनी तो पाहिला आणि हात मागे घेतला.

"हे कायचं पुस्तक होय व?"

"जग कसं बुडन, त्याचं हाय."

"अव माय! अन् हे तू घरात आणलं?"

आपण जे बोलू त्याला घराची वास्तू 'तथास्तु' म्हणत असते, हे मीही लहानपणापासून ऐकलेलं होतं. सगळ्याच घरांत ऐकतात आणि सोयीनं विसरतात. या घरात विसरत नव्हते. इथे बांगडी फुटत नाही, वाढते. दुकान बंद करत नाहीत, वाढवतात. हे तर सगळीकडेच आहे, पण आमच्याकडे 'तांदूळ संपले' म्हटलेलंही चालत नाही. 'डबा धुवायले काढला' असं म्हणायचं आणि समोरच्यानं समजून घ्यायचं. कोणी आजारी पडलं तर त्याला 'जरासं कसंतरी' होतं, मग तो तापानं फणफणत का असेना. मी वाद घालणारी बाई आहे. पहिल्या वर्षी यावरून पुष्कळ तोंड चालवलं, आणि पुष्कळदा एकटीच बोलत राहिले.

पुस्तकं दुकानात ठेवावी म्हटलं तर तिथे लक्ष्मीचा फोटो. आमचं दुकान हायवेला लागून आहे. दोरखंड, ताडपत्री, टॉर्च, पाण्याच्या कॅना, ट्रकवाल्यांना लागतं ते सगळं. तिथे अभद्र आणलेलं मामीजींना कसं खपणार? शेवटी तोड त्यांनीच काढली. घरामागचं फाटक ओलांडलं की आमची भाजीची वाडी आहे आणि वाडीत मोटारपंपाची खोली. पुस्तकं तिथे ठेवायची.

"तिथं वास्तू नसते का?" मी मुद्दाम विचारलं.

"थे मोटारीची खोली हाय. तिथं वास्तू नाई, इच्चू राह्यते."

अशी माझी पुस्तकं विंचवांच्या शेजाराला गेली. हळूहळू तिथे एक फळी भरली, मग दुसरी. नवरा माल आणायला नागपूरला जातो तेव्हा जुन्या पुस्तकांच्या ढिगातून माझ्यासाठी काहीतरी उचलून आणतो. त्याची निवड सोपी आहे. मुखपृष्ठावर काहीतरी पडत, जळत नाहीतर बुडत असलं पाहिजे. इंग्रजी असलं तर मी डिक्शनरी मांडीवर घेऊन बसते.

लोक विचारतात, हे काय भलतंच वेड? मला मरणाची हौस नाही. किती मेले ते पान मी भराभर उलटते. मला त्याच्या आधीचं हवं असतं. चौकात ट्रक उलटला की सगळे ड्रायव्हरकडे धावतात, धावायलाच हवं. तो बाहेर निघाला, पाणी प्यायला, की मी मात्र मालाकडे जाते. दोर कुठे घासला होता, कोणती गाठ सुटली, ओझं आधी कोणत्या बाजूला सरकलं. एवढा मोठा ट्रक, आणि सुरुवात बोटभर जागेत झालेली असते. ती जागा सापडली की मला फार बरं वाटतं. असं बरं वाटतं याचं माझं मलाच नवल वाटतं, आणि ते नवल अजून संपलेलं नाही.

मामीजींना यातलं काहीच नको असेल असं मी धरून चालले होते. एका हिवाळ्यात आम्ही दोघी वाडीत वांगी तोडत होतो. मामीजी खाली मान घालूनच म्हणाल्या, "थ्या जहाजाचं काय झालं मंग?"

"कोणत्या जहाजाचं?"

"तुया पुस्तकातल्या. बुडालं थे."

लग्नापासून इतकी वर्षं तो प्रश्न त्यांनी पोटात ठेवला होता! मी सांगितलं. जहाज कुठून निघालं, कोणता दरवाजा नीट लागत नव्हता, कप्तानाला काय कळवलं आणि काय नाही. त्यांनी टोपली खाली ठेवली आणि बांधावर बसूनच घेतलं. मग ते ठरूनच गेलं. दुपारी वाडीत गेलं की मी एक आपत्ती सांगायची. इंग्रजीतली असली तरी सांगायची आमच्याच बोलीत. पूल, खाणी, विमानं, ज्वालामुखी, साथीचे रोग, सूर्य विझेल तेव्हाचे हाल. मेथी खुडता खुडता आम्ही दोघींनी अर्धी पृथ्वी बुडवली. फाटकातून आत आलं की मामीजी पायांवर पाणी घ्यायच्या, आणि त्यातलं अवाक्षर त्यांच्या तोंडून निघायचं नाही.

त्यांचे प्रश्न मला पुस्तकांहूनही आवडायला लागले. जहाजावर स्वयंपाक कोण करत होतं, आणि पाणी आत शिरलं तेव्हा चुलीवर काय शिजत होतं? विमानात लेकरू रडत असलं तर पायलटला ऐकू येतं का? पुस्तकं लिहिणाऱ्या शहाण्यांना हे सुचलं नव्हतं आणि मलाही नाही. धूमकेतूच्या पुस्तकात लिहिलं होतं की धुळीनं आकाश झाकून जाईल आणि वर्षानुवर्षं ऊन पडणार नाही. ते ऐकून मामीजी हातातल्या कोथिंबिरीच्या जुडीकडे पाहत राहिल्या.

"मंग हा सांबार कसा उगवन व?"

"नाई उगवणार. काईच नाई उगवणार."

"कोणाले तरी बी राखून ठेवा लागन ना बाप्पा."

त्या वर्षी त्यांनी धण्याचं बी एरवीपेक्षा बरंच जास्त राखलं. कशाला, ते विचारायची सोय नव्हती, कारण बी भरताना आम्ही घरात होतो.

सगळ्यात जास्त राग त्यांना यायचा तो दिसूनही गप्प बसणाऱ्यांचा. जवळपास प्रत्येक पुस्तकात असा एक जण असतोच. त्याला तडा दिसलेला असतो, वास आलेला असतो, आवाज वेगळा वाटलेला असतो, आणि तो काही बोलत नाही. "तोंड नवतं का त्याले?" मामीजी भडकायच्या, आणि तो माणूस जणू आमच्या वाडीतच उभा आहे अशा विळा आपटायच्या.

गेल्या दिवाळीनंतर घरात काही गोष्टी जागा बदलू लागल्या. मसाल्याचे डबे वरच्या फळीवरून खाली आले. धुण्याची दोरी हातभर खाली बांधली गेली. मामीजी वांगी डाव्या हातानं तोडू लागल्या. त्या हाताला सवय नव्हती, म्हणून देठाचे काटे लागून बोटं सोलवटली होती. एकेक पाहिलं तर काहीच नव्हतं. पण माझी फळी ज्या पुस्तकांनी भरली आहे त्यांत सगळं असंच सुरू होतं. मी स्वयंपाकघरात विचारलं, "मामीजी, हात दुखते का?"

"काई नाई. जरासं कसंतरी."

घरात खोदून विचारण्यात अर्थ नव्हता. दुसऱ्या दिवशी वाडीत मी मुद्दाम धरणाची गोष्ट काढली. कुठल्याशा डोंगराळ देशातलं धरण. तिथल्या एका अधिकाऱ्याला सकाळी भिंतीवर ओल दिसली. त्या दिवशी खालच्या गावात सण होता, लोक नवे कपडे घालून निघाले होते. त्यानं ओलीला हात लावून पाहिला, घरी गेला, आणि तोही नवे कपडे घालून सणाला गेला.

"त्याले दिसली होती?"

"दिसली होती."

"अन् बोलला नाई? काऊन?"

"बोललं की खरं होईन, असं वाटलं असन त्याले."

मामीजी वाफ्यात उकिडव्या बसल्या होत्या. मी ही गोष्ट का निवडली ते त्यांना कळलं होतं. त्यांनी एकदा वळून फाटक लागलेलं आहे का ते पाहिलं.

"माह्या काखेत गाठ हाय," त्या म्हणाल्या. "छातीतबी एक हाय. दिवाळीच्या पयलेपासून."

मला संतापच आला, आणि त्या संतापाच्या आत नुसती भीती होती. मी ओरडले, "इतके दिवस? तोंड नवतं का तुमाले?"

"घरात कसं सांगू?" त्या म्हणाल्या. "अन् वाडीत तू धूमकेतू सांगून राह्यलती. मधात कुठी बोलू?"

मी हसले आणि तशीच रडायला लागले. त्यांनी पदरानं माझं तोंड पुसलं. खरं म्हणजे ते मी करायला हवं होतं.

नवऱ्यालाही घरात सांगायची परवानगी नव्हती. त्याला दुकानातून वाडीत बोलावून घेतलं. इस्त्रीच्या शर्टात तो वांग्यांच्या दोन ओळींमध्ये उभा राहिला आणि त्याच्या आईनं त्याला सांगितलं. तो वाकला, एक वांगं तोडलं आणि ते हातात धरून नुसता उभा राहिला. मग म्हणाला, "उद्या वर्ध्याले जाऊ." दुकान उघडायचं का, गिऱ्हाइकाला काय सांगायचं, यातलं काहीच त्यानं विचारलं नाही.

वर्ध्याच्या मोठ्या दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी विचारलं, "काय त्रास होतो, आजी?" मामीजी म्हणाल्या, "काई नाई. सब ठीक हाय." बाई माझ्याकडे पाहू लागल्या. मामीजी माझ्या कानाशी आल्या. "ही बी वास्तूच होय ना व?"

"मामीजी, इथं दिवसभर लोक हेच बोलून राह्यले. वास्तूनं कवाचेच कान झाकले असन."

त्यांनी वर छताकडे पाहिलं, विचार केला, आणि मग सगळं सांगितलं. तपासण्या झाल्या. कर्करोग होता. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, वेळेवर आलात असं म्हणता येणार नाही, पण उशीर झाला असंही म्हणणार नाही. परतीच्या एसटीत ते वाक्य मी मनात उलटून पालटून पाहत होते. मला त्यातली पक्की बाजू शोधायची होती आणि ती सापडत नव्हती. मामीजी जिवंत राहायला हव्या होत्या, एवढंच मला कळत होतं.

ऑपरेशनसाठी भरती केलं तेव्हा शेजारच्या खाटेवर हिंगणीकडच्या एक बाई होत्या. त्यांचाही आजार तोच, त्यांच्याही घरची भाजीची शेती. दोघींचं लगेच जमलं. रानडुकरं जास्त नासधूस करतात की माकडं, यावर त्या दोघी दिवसभर भांडायच्या. ऑपरेशनच्या आदल्या दिवशी संध्याकाळी त्या बाईंना डोळा लागला होता. मामीजींनी मला जवळ बोलावलं.

"थ्या पुस्तकात, जे जित्ते राह्यले, त्याहीनं मंग काय केलं?"

"मंग म्हणजे?"

"मंग म्हणजे मंग. दुसऱ्या दिवशी. जेवले का? झोपले का?"

मी आठवून पाहिलं. जहाज, पूल, खाण, धरण. चौकशी समिती बसते, स्मारक उभं राहतं, शेवटी बोल्टांच्या आकृत्या असतात. जिवंत राहिलेल्यांना घोंगड्या पांघरून किनाऱ्यावर बसवलेलं असतं आणि तिथेच प्रकरण संपतं. इतकी पुस्तकं मी वाचली, आणि पान उलटून त्या माणसांच्या मागे घरापर्यंत जावं असं मला कधी वाटलं नव्हतं.

"नाई लिहिलं मामीजी. कोणीच नाई लिहिलं."

"मंग अर्धेच पुस्तकं होय थे," त्या म्हणाल्या आणि कूस वळवून झोपल्या.

दोघींची ऑपरेशनं एकाच दिवशी झाली. दोघीही परत आल्या. दुसऱ्या दिवशी दोघी खाटेवरून एकमेकींना खुणा करत होत्या. त्यानंतर हिंगणीच्या बाईंना धाप लागली, त्यांना घाईनं दुसरीकडे नेलं, आणि पुढच्या सकाळी त्यांची सून एकटीच येऊन खाटेखालची पिशवी घेऊन गेली. तिनं काही सांगितलं नाही आणि आम्ही विचारलं नाही. मग दवाखान्यातली एक मावशी आली आणि तिनं गादी पुसून घेतली.

मामीजी त्या रिकाम्या खाटेकडे पाहत राहिल्या. ऑपरेशन झाल्यापासून त्यांनी चहाखेरीज काही घेतलं नव्हतं. दुपारी मी डबा उघडला तो आपलं उघडायचा म्हणून. पोळी आणि मेथीची भाजी होती. त्यांचा उजवा हात बांधलेला होता, म्हणून मी घास करून पुढे धरला. त्यांनी तो खाल्ला. दुसरा खाल्ला. मग त्या मला थांबूच देईनात. पहिली पोळी संपली, दुसरी संपली, तिसरीचा घास तोंडात असतानाच त्या रडायला लागल्या.

मी पाण्याचा पेला पुढे केला. त्यांनी तो दूर सारला.

"जित्ते राह्यले ना पोरी, त्याहीले पयले भूक लागते," त्या म्हणाल्या. घास गिळायला त्यांना वेळ लागला. "मंग थ्या भुकीची लाज वाटते."

डब्यात पोळीचा तुकडा उरला होता. मी त्याला भाजी लावली आणि त्यांच्या तोंडाशी धरला. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि तोंड उघडलं.