कुजबुजकाकांच्या दोन गोळ्या

आमचे हे नाटक कंपनीत प्रॉम्प्टर. म्हणजे विंगेत पडद्याच्या आडोशाला स्टुलावर बसायचं, मांडीवर संहिता, हातात बारीक बॅटरी, आणि नट अडला की त्याचं वाक्य इतक्या हळू पुरवायचं की त्याला ऐकू जावं आणि पहिल्या रांगेला जाऊ नये. सगळी कंपनी त्यांना कुजबुजकाका म्हणायची. घरी मात्र आवाज असा की शेजारीण दार लावून घ्यायची. मी म्हणायचे, "अहो, सगळी कुजबुज तिकडेच संपवून येता वाटतं!"

मग एकदा त्यांना आडवं झालं की दम लागायला लागला. एका उशीच्या तीन झाल्या. पायावर बोट दाबलं की खड्डा तसाच राहायचा. हे म्हणे, "वय झालं." मी म्हटलं, "वय मलाही झालंय, माझ्या पायाला खड्डे पडतात का?" आणि हाताला धरून दवाखान्यात नेलं.

डॉक्टरीणबाई शांत होत्या. म्हणाल्या, "काका, हृदय थकलंय. जोर कमी पडतो, म्हणून अंगात पाणी साचतं. ही लघवीची गोळी ते पाणी बाहेर काढेल. घेतल्यावर तासाभरात धावपळ सुरू होईल, पाच-सहा तासांनी थांबेल. ही दुसरी ठोके हळू करणारी. सुरुवातीला गळून गेल्यासारखं वाटेल, पण थकलेल्या हृदयाला रोज थोडी उसंत मिळाली की ते सावरतं. डोस मी हळूहळू वाढवेन. मला न विचारता ही एकदम सोडायची नाही. आणि रोज सकाळी वजन बघा. दोन-तीन दिवसांत दोन किलो चढलं तर ते पाणी समजा आणि लगेच या."

खरं सांगते, गुण आला. चपला पायात जायला लागल्या, उशा कमी झाल्या. सकाळभर ह्यांच्या संडासाकडे फेऱ्या चालायच्या, आणि मी हसून म्हणायचे, "तिथंच स्टूल मांडू का तुमचं?" आमचे ते दिवस फार चांगले गेले.

पुढचं सगळं मला फार उशिरा कळलं.

प्रयोग दुपारचे असायचे. एकदा दुसऱ्या अंकात ह्यांना राहवेना, उठून गेले. नेमका तेव्हाच नायक अडला. त्यानं विंगेत पाहिलं तर स्टूल रिकामं. थोडा वेळ तसाच उभा राहिला आणि "आलोच" म्हणून आत निघून गेला. थिएटर हसून लोळलं. मग मेकअपच्या खोलीत सगळ्यांसमोर तो ह्यांना म्हणाला, "काका, लंगोट बांधून बसत जा." ज्या नटाला ह्यांनी उभं राहायला शिकवलं, तो हे बोलला! हे त्या दिवशी जेवले नाहीत. मला म्हणाले, पोट बरं नाही.

त्या दिवसापासून प्रयोग असला की लघवीची गोळी बंद. आधी फक्त रविवारची चुकायची. मग नाटक जोरात चालायला लागलं, रोज प्रयोग, आणि रोजच गोळी नाही. मी पाण्याचा पेला हातात द्यायचे, हे गोळी तोंडात टाकल्यासारखी करून मुठीत ठेवायचे. नाटकवालेच ते! काट्यावरचा आकडा मला चष्म्याशिवाय दिसायचा नाही, म्हणून तो हेच वाचून सांगायचे. रोज तोच आकडा. मी आपली खूश.

दुसऱ्या गोळीचं तर आणखी वेगळंच. कंपनीत नवी नायिका आली होती. गुणी पोर, पण रंगमंचावर जायच्या आधी हात थरथरायचे, छाती धडधडायची. ह्यांनी कुठंतरी ऐकलं होतं की अशा धडधडीवर हीच गोळी घेतात. दिली तिला आपली. "माझ्याकडे जास्तीच्या आहेत," म्हणाले. तिचे हात थांबले, टाळ्या मिळाल्या. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा समोर उभी. ह्यांना कुणाला नाही म्हणता येतच नव्हतं. सगळा जन्म लष्कराच्या भाकऱ्या भाजण्यात गेला. तिला रोज द्यायला लागले, आणि स्वतः घ्यायची सोडून दिली.

एका सकाळी हे सदऱ्याची बटणं लावता लावता खाली बसले. ओठ निळे, श्वास घशात अडकलेला. मी आरडाओरडा केला. शेजारी धावले, इस्पितळात नेलं. तिथं तेच लघवीचं औषध शिरेतून दिलं. खाटेखालची पिशवी भरत गेली तसे हे जरा बोलायला लागले. डॉक्टरीणबाईंनी विचारलं, "गोळ्या नीट चालू होत्या ना?" मी ठासून म्हटलं, "एकही चुकली नाही." हे मूग गिळून पडले होते.

तेवढ्यात ती नायिका धापा टाकत आली. "काका, तुमच्या गोळ्या मी..." म्हणाली आणि रडायलाच लागली. मग ह्यांनीही लघवीच्या गोळीचं सांगून टाकलं.

डॉक्टरीणबाई रागावल्या नाहीत. म्हणाल्या, "अहो, प्रयोग दुपारचा ना? मग पहाटे घ्यायची होती, नाहीतर प्रयोग संपल्यावर. वेळ बदलता येते. मला एकदा विचारायचं तरी." मग तिच्याकडे वळल्या. "आणि तू दुसऱ्याची गोळी अशी घ्यायची नाहीस. दमा असता तर तुझाच श्वास कोंडला असता."

सगळे गेल्यावर मी ह्यांना विचारलं, "मला का नाही सांगितलंत?"

"तू कंपनी सोडायला लावली असतीस."

"लावली असती. हजारदा लावली असती!"

"मग मी घरी बसून काय केलं असतं गं?"

मी म्हटलं, "माझ्याशी बोलला असतात." त्यांनी हात पुढे केला. मी रागात होते, हात धरला नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी हृदय थांबलं ते थांबलंच.

ती नायिका अजून येते. आता स्वतःच्या डॉक्टरकडे जाते म्हणे. परवा माझे पाय धरून म्हणाली, "काकू, मला माफ करा." मी तिला उठवलं, जवळ घेतलं. पोरीला काय कळत होतं? तिला मी केव्हाच माफ केलं. ह्यांना मात्र नाही. रोज सकाळी उठले की आधी त्यांच्याशी भांडते, मग चहा टाकते.