तळ्याचा तिसरा काठ

ते तळं माझ्या मित्रानं रचलं होतं. त्याचा एक काठ मी त्याला न विचारता कापला. घाईगडबडीत झालं, असं मी बरीच वर्षं सांगत आलो. ते खरं नाही. मी ते विचार करून केलं.

नव्वदच्या दशकात आमच्या पेठेतलं मंडळ गणपतीत सजीव देखावा करायचं. संवाद आधीच कॅसेटवर भरून ठेवायचे. मांडवात पोरांनी नुसते ओठ हलवायचे. निवेदनाचा आवाज माझा असायचा, त्यामुळे लिखाणावर शेवटचा हातही मीच फिरवायचो.

मित्र फौंड्रीत कामाला होता. त्याचा धाकटा भाऊ विहिरीत बुडाला होता, आणि पोहायला शिकवायला त्याला यानंच नेलं होतं. घरात आई याला वेळेवर जेवायला वाढायची, पण त्या दिवसाबद्दल दोघं कधी बोलत नसत.

त्या दिवसाला तीन वर्षं झाली, त्या वर्षीचा देखावा मित्रानं लिहिला. कुठल्याच गावात नसलेलं एक तळं, एकाच वेळी तीन जगांत भरलेलं. पाणी तेच, काठ वेगळे. पहिल्या काठावर धाकटा बुडतो. दुसऱ्या काठावर दोघं भाऊ त्या दिवशी पाण्याकडं जातच नाहीत, घरी पत्ते खेळत बसतात. तिसऱ्या काठावर धाकटा बुडायला लागतो, थोरला सूर मारून त्याला वर काढतो, आणि तो ओल्या चड्डीनंच घरात शिरून म्हणतो, "आई, भूक लागलीया."

"तीन जगं?" मंडळातला एक जण म्हणाला. "हितं मांडवात दोन खुर्च्या मावनात मर्दा!"

सगळे हसले. मित्रही हसला, पण लगेच म्हणाला, "तिसरं तेवढं मोठं दाखवा. आई बघायला येणार हाय."

निळ्या प्लॅस्टिकखाली टेबलफॅन लावून आम्ही तळं केलं. लाटा झकास उठायच्या. कॅसेट भरायच्या दिवशी मित्र फौंड्रीत पाळीवर होता. मला देखाव्यांच्या स्पर्धेतलं बक्षीस हवं होतं, आणि परीक्षकांना संदेश लागतो हे मला पक्कं ठाऊक होतं. मी तिसरा काठ काढून टाकला. त्या जागी माझं वाक्य घातलं: "थोरल्यानं लक्ष दिलं असतं, तर धाकटा आज असता."

पहिल्याच दिवशी संध्याकाळी त्याची आई आली आणि पुढं बसली. माझं वाक्य झालं, दिवे मालवले. ती उठेना.

"मावशी, उठा. मागं रांग खोळंबलीया," कार्यकर्ता म्हणाला.

"संपलं व्हय?"

"संपलं की."

ती पदर सावरून निघून गेली. मित्र माझ्याजवळ आला. "तिसरा काठ कुठं हाय?"

"वेळेत बसत नव्हता."

"आणि ते वाक्य?"

"परीक्षकांना तसलं लागतं, भावा. बक्षीस आलं की बघशील."

तो परत कधी मांडवात आला नाही. कॅसेट दुसरी भरता आली असती. मी भरली नाही. विसर्जनापर्यंत तेच वाक्य कर्ण्यातून पेठभर वाजत राहिलं. त्याचं घर गल्लीतच होतं. बक्षीस मिळालं, शाल मी खांद्यावर घेतली. पुढं मायलेक हातकणंगल्याला राहायला गेले.

बऱ्याच वर्षांनी, दोन हजार सालानंतर, मी माझ्या मुलाला पोहायला शिकवत होतो. क्षणभर माझा हात सुटला. तो खाली गेला, मी बुडी मारून त्याला वर ओढलं. नाकातोंडात पाणी गेलं होतं तरी तो हसत होता. त्याच आठवड्यात हातकणंगल्याची एसटी धरली.

दार आईनंच उघडलं. मित्र आत कॉटवर बसला होता. त्यानं मला ओळखलं आणि मान खाली घातली.

"काकू, देखाव्यातलं ते वाक्य यानं लिहिलं नव्हतं," मी उंबऱ्यातूनच म्हणालो. "माझं होतं."

तिनं लेकाकडं बघितलं. "मला वाटलं, ह्यानंच लिवलंय. सगळ्या पेठेम्होरं स्वतःला शिव्या घालून घेतोय. म्हणून मी कधी विषयच काढला न्हाय." मग त्याला म्हणाली, "तू का बोलला न्हाईस रं?"

"काय बोलू? लक्ष न्हवतंच माझं त्या दिवशी," तो म्हणाला.

मी तिला तिसरा काठ सांगितला. सूर, ओली चड्डी, भूक लागलीया, सगळं. ती भिंतीला टेकून खाली बसली. तिच्या समोर मीही बसलो.

"तुमचं पोर वर येत होतं, काकू," मी म्हणालो. "थोरला त्याला तुमच्याकडं घेऊन येत होता. बक्षिसापायी ते मी कापलं आणि दोष याच्या माथी मारला. माझं चुकलं. तुम्ही मला माफ करा. आणि तूही, जमलं तर."