दीड किलोचा चाप

जेवण आज जरा जडच झालंय. गरम भाकरी, वांग्याचं भरीत आणि वर तांब्याभर ताक, मग डोळे मिटणार नाहीत तर काय. शालन सुतार दुकानाच्या दाराला आतून कडी लावते आणि बाकाशेजारीच चटई टाकून आडवी होते. चैत्राचं ऊन वरच्या पत्र्यावर तडतडतंय. बाहेर आजऱ्याच्या रस्त्यावर चिटपाखरू नाही. चार वाजता रेडेकर अण्णा रायफल न्यायला येणार आहेत, तोवर अर्धा तास पडावं, असा तिचा साधा बेत आहे.

डोळा मात्र सरळ लागत नाही. बंदूक दुरुस्त करणारी बाई पंचक्रोशीत ही एकटीच, त्यामुळे लोकांना तिचं कौतुक आहे आणि थोडा धाकही. पण आज ती स्वतःच्याच मनाशी लपंडाव खेळतेय. मालोजी अण्णा रेडेकरांची रायफल त्यांच्या वडिलांच्या शिकारीच्या दिवसांतली. आता शिकार कसली, उसात घुसणाऱ्या डुकरांसाठी रीतसर परवानगी काढलीय तेवढीच. जुना लाकडी दस्ता तडकला होता, म्हणून शालनने शिसवीचा नवा केला. तीन आठवडे घासून, तेल पाजून त्याला अशी झिलई आणली की त्यात तोंड दिसावं. सुताराचीच लेक ती, लाकडाला हात लावला की तिला वेळेचं भान राहत नाही.

खरी गोम चापाची आहे. अण्णांची बोटं संधिवाताने आखडलीत. जुना चाप त्यांना ओढवेना, तेव्हा ते म्हणाले, शालनताई, बोट टेकलं की सुटेल असा करून दे. म्हाताऱ्या माणसाचा वाकडा पंजा बघून तिला कणव आली. तिने स्प्रिंगचा स्क्रू सैल केला, घोडा अडवून धरणाऱ्या आतल्या दातांची पकडही केसभर कमी केली. दीड किलो वजन टांगल्यावर सुटायला हवा तो चाप आता पाऊण किलोला सुटतो. असं काम केल्यावर रिकामी रायफल घोडा चढवून, म्हणजे बार काढायच्या तयारीत ठेवून, जमिनीवर दणादण आपटून बघायची असते. धक्क्याने ती सुटता कामा नये. शालनने ती आपटली नाही. तळहाताने दस्त्याला चार चापट्या मारल्या आणि झालं म्हणाली, कारण नव्या शिसवीला ओरखडा गेलेला तिला बघवला नसता. मनात पाल चुकचुकली, ती तिने हुसकून लावली आणि रायफल दोन तासांसाठी घोडा चढवून बाकाच्या खाचेत उभी करून ठेवलीय. पकड टिकते का हे बघायची त्या दुकानाची तीही एक रीत आहे.

कानस चालल्याचा आवाज येतोय. सावकाश, एका लयीत. शालनला वाटतं, आपण उठून बसलोय. बाकावर नबीलाल चाचा शिकलगार बसलेत, नाकाच्या शेंड्यावर चष्मा, आणि पितळेचा एक तुकडा घासतायत. हे दुकान त्यांचंच, आणि शालनच्या हातात असलेलं सगळं कामही त्यांनीच घातलेलं. चाचांना जाऊन आठ वर्षं झाली. तेव्हा तिने तीन दिवस दुकान उघडलं नव्हतं, हे तिला आत्ताही स्वच्छ आठवतंय. तरी ते समोर बसलेत याचं तिला नवल वाटत नाही. चहा टाकायचा राहिला, एवढंच मनात येतं.

"रिकामी हाय न्हवं?" चाचा विचारतात.

आयुष्यभर त्यांचं पहिलं वाक्य हेच असायचं. पाहुणा असो, पोलीस असो, बंदूक घेऊन कुणीही दारात आलं की नमस्काराच्या आधी हे. शालन रायफल उचलून तिचा बोल्ट, म्हणजे मागची खीळ, ओढते, करंगळी काडतुसाच्या घरात घालते. बोटाला काहीतरी लागतं. ती बाहेर काढते तर भुईमुगाची ओली शेंग.

चाचा शेंग फोडतात, दाणे तोंडात टाकतात आणि म्हणतात, परत बघ. ती परत बघते. आता घर खरंच रिकामं आहे. तिला हसू येतं, चाचांना येत नाही. या बाबतीत ते कधीच हसले नाहीत.

बाजाराचा दिवस आहे. रविवारच्या गर्दीत बाक तसाच मध्ये मांडलाय आणि डाव्या हाताला मिरच्यांचे ढीग आहेत. बायका घासाघीस करतायत, कुणी त्यांच्याकडे बघत नाही. चाचांनी रायफल नळी वर करून धरलीय आणि चापाला तारेचा आकडा अडकवलाय. आकड्याला ते किराणा दुकानातली वजनं एकेक करून टांगतायत. पाव किलो. अर्धा किलो. झाले पाऊण. टक्, असा आवाज होतो आणि सगळा बाजार एकदम गप्प होतो. मिरचीवालीसुद्धा हातातला तराजू तसाच धरून शालनकडे बघत राहते.

चाचा रागावत नाहीत. ते रागावले असते तर बरं झालं असतं. ते वजनं पिशवीत भरतात आणि इतका वेळ लावून भरतात की शालनलाच बोलावं लागतं. ती सांगते, अण्णांची बोटं वाकत नाहीत, सत्तरी उलटलीय, रानात रात्रंदिवस राबलेला माणूस आहे, तोंड पाडून उभा होता, मला नाही म्हणवलं नाही.

"मग बोटाचं औषध बघायचं," चाचा म्हणतात. "बंदुकीला कशाला दुखणं लावलंस?"

शालन मान खाली घालते. ती पायांकडे बघते तर खाली कचेरीची शहाबादी फरशी आहे. लाकडी बाकड्यावर माणसं कागद घेऊन बसलीत आणि चाचा खिडकीशी उभे आहेत, पांढरा सदरा, हातात फाईल. हा दिवस तिला पाठ आहे. दुकानाच्या परवान्यावर तिचं नाव चढवायला चाचा तिला घेऊन आले होते. तेव्हा ती बत्तिसाची होती, नवऱ्याने टाकलेली, आणि चार वर्षं त्यांच्याकडे फक्त दस्ते घासत होती. चाचांची मुलं कुवेतला गेलेली. बाई माणसाला आणि तेही परक्या, हे कशाला, असं त्यांच्या घरातलेही म्हणत होते आणि तिच्याही.

खिडकीतला कारकून विचारतो, ही तुमची कोण लागते?

"माझं काम हिच्या हातात जाणार हाय," चाचा म्हणतात. "ह्येच नातं. लिवा."

कारकून लिहितो. तेव्हाही त्याने लिहिलं होतं. त्यानंतर एसटीने दोघं परत आले, चाचांनी वाटेत तिला उसाचा रस पाजला, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी आठला काम सुरू. आभार मानायचे राहूनच गेले. रोज समोर दिसणाऱ्या माणसाचे आभार काय मानायचे, असं तेव्हा वाटायचं. मग ते आजारी पडले आणि तेव्हा आभार मानणं म्हणजे निरोप दिल्यासारखं झालं असतं, म्हणून पुन्हा राहिलं.

"चाचा," ती म्हणते, "तुमच्यामुळं मी माणसात आले. मला ते कधी बोलता आलं न्हाई. तुमचे लई उपकार हाईत माझ्यावर."

बोलल्यावर तिचं तिलाच हलकं वाटतं. इतक्या वर्षांत छातीवर काहीतरी ठेवलेलं होतं हे ते उचलल्यावर कळतं. चाचा चष्मा काढून सदऱ्याच्या टोकाला पुसतात. त्यांचे डोळे ओले आहेत की ते ऊन आहे, हे कळत नाही, कारण आता सगळीकडे ऊनच आहे. दोघं उसाच्या बांधावर उभे आहेत.

बांध अरुंद आहे, नुकतं पाणी पाजल्यामुळे निसरडा झालाय. पुढून कांचन चाललीय. कांचन म्हणजे रेडेकर अण्णांची सून. मुलगा पुण्यात नोकरीला, त्यामुळे रात्री डुकरांपासून ऊस राखायला सासऱ्याबरोबर हीच जाते. भर उन्हात तिने बॅटरी लावलीय आणि तिचा पिवळा गोळा पुढच्या पाचोळ्यावर हलतोय. तिच्यामागे चार पावलांवर अण्णा, हातात रायफल, नळी पुढे. शिसवीचा दस्ता उन्हात लखलखतोय. काय सुंदर दिसतोय, असं शालनच्या मनात येतं आणि त्याच क्षणी तिला स्वतःची लाज वाटते.

अण्णांचा पाय घसरतो.

ते पडत नाहीत. घसरता घसरता तसेच राहतात, एक पाय हवेत, आणि रायफलचा दस्ता जमिनीपासून वीतभर वर. पाचोळाही थांबलाय. कांचनची पाठ समोर आहे, वेणीला अबोलीचा गजरा.

"आपटायची ऱ्हायली न्हवं तुझी?" चाचा विचारतात. त्यांना ते माहीतच आहे.

"दस्ता नवा हाय चाचा."

"दिसतोय की. माझ्या हातनं असा कधी झाला नसता." ते मनापासून म्हणतायत. कौतुकात ते कधी हात राखत नसत. मग ते कांचनच्या पाठीकडे बोट दाखवतात, तेही अगदी हळू. "पर पोरगी म्होरं चाललीया."

शालन धावते. बांधावरून, बाजारातून, कचेरीच्या फरशीवरून धावते आणि तरी बाकापर्यंत पोचत नाही. ती ओरडून सांगते की चाचा, मी आपटते, आत्ता आपटते, तुम्ही तिला थांबवा. चाचा म्हणतात, बस, बस, दमलीस, मीच बघतो. आणि ते अण्णांच्या हातातली रायफल काढून घेतात, दोन्ही हातांनी उभी धरतात आणि डोळे मिटून खाली आपटतात.

शालनला जाग येते ती आवाजाने. धप्प, आणि त्यातच मिसळलेलं एक बारीक टक्.

कडी आतून लावलेलीच आहे. पत्रा तडतडतोय. बाकाच्या खाचेत रायफल नाही, ती खाली फरशीवर पडलीय. झोपेत आपलाच पाय बाकाला लागला असेल, असं शालन स्वतःला सांगते, पण पाय तर चटईवर भिंतीकडे आहेत. ती रायफल उचलते, बोल्टकडे बघते. चढवलेला घोडा उतरलाय. चापाला कुणाचं बोट लागलेलं नाही, नुसत्या धक्क्याने सुटली. आणि शिसवीच्या दस्त्याच्या खालच्या कोपऱ्याला नखाएवढा टवका उडालाय, आतलं कोरं लाकूड दिसतंय.

ती रायफल मांडीवर घेऊन खाली बसते. काही वेळ तिला नुसतं रडू येतं, आणि ते दुःखाचं नसतं.

मग ती उठते, काडतुसाच्या घरात करंगळी घालून रायफल रिकामी असल्याची खात्री करते आणि कामाला लागते. दातांची पकड पूर्ववत करते. स्प्रिंगचा स्क्रू आवळते. वजनं टांगून बघते, दीड किलोला चाप सुटतो, त्याच्या आत नाही. घोडा चढवून फरशीवर रायफल आपटते, एकदा, दोनदा, दहा वेळा, खाली पोतंही न घेता. बोल्ट जोरात मागेपुढे करून बघते. सेफ्टी लावून चाप ओढते, सोडते, सेफ्टी काढते. काही सुटत नाही.

चारला अण्णा येतात, मागोमाग कांचन. शालन त्यांना काही लपवत नाही. चाप जड आहे, जडच राहणार, आणि हलका केलेला कसा नुसत्या धक्क्याने सुटला तेही सांगते. अण्णा चाप ओढून बघतात. पहिल्यांदा जमत नाही, दुसऱ्यांदा जमत नाही, तिसऱ्यांदा ओठ दाबून जमतं. ते चिडलेत हे त्यांच्या कपाळावर दिसतं. मग त्यांची नजर कोपऱ्यावर जाते.

"नव्या दस्त्याला ह्ये काय झालं?"

"आमच्या चाचांनी आपटून बघितली," शालन म्हणते.

"नबीलालनी? तो तर..." अण्णा थांबतात. शालनच्या तोंडाकडे बघतात. बराच वेळ त्यांचं वाकडं बोट त्या टवक्यावरून फिरत राहतं.

शालन म्हणते, भरून देते, लाखेने बुजवला की दिसणारही नाही. अण्णा मान हलवतात. राहू दे म्हणतात. रायफल पिशवीत घालून ते पायरी उतरतात आणि उतरता उतरता सुनेकडे न बघता बोलतात.

"कांचन, आजपास्नं बॅटरी माझ्याकडं. तू माझ्या मागनं चालायचं."