गुरुवारचा दगड

वेन्डी डाबरे मूळची वसईची. कॅनडात येऊन एकवीस वर्षं झाली, त्यातली पहिली पंधरा रेजिनात. तिथेच ती कर्लिंग शिकली. बर्फावरून वीस किलोचा गुळगुळीत दगड सरकवायचा आणि पलीकडच्या गोलात नेमका थांबवायचा, असा हा खेळ. पुढे ग्वेल्फला धान्य तपासायच्या लॅबमध्ये नोकरी लागली आणि ती हिलव्ह्यू क्लबात नाव घालायला गेली. त्यांनी तिला ‘न्यूकमर्स’मध्ये, म्हणजे देशात नव्याने आलेल्यांच्या गटात टाकलं. रविवारी, सकाळी सात वाजता.

न्यूकमर म्हणे! त्याच महिन्यात स्कॉटलंडहून आलेल्या एका गोऱ्या गृहस्थाला थेट गुरुवार संध्याकाळच्या खऱ्या लीगमध्ये घेतलं. त्याला देशात येऊन जेमतेम पाच महिने झाले होते. रविवारी मात्र आम्ही सगळे सावळे-काळे: मी नागपूरची प्रमोदिनी, एक पंजाबी डॉक्टरीणबाई, घानाचे एक मास्तर आणि इथेच ग्वेल्फमध्ये जन्मलेली ऊर्मी. ती पोरगी जन्मतःच न्यूकमर! पाटी कुठेच लावलेली नव्हती, पण कातडी बघून वार ठरत होता. आजही आठवलं की माझं डोकं फिरतं.

वेन्डीने सहा वर्षं दर सप्टेंबरला गुरुवारसाठी अर्ज केला. क्लबचा अध्यक्ष केनेथ दर वेळी गोड हसून म्हणायचा, “थर्सडेज आर फुल, वेन्डी.” लीगच्या फळ्यावर एका टीमची जागा रिकामी असायची, ती आम्हाला दिसत नव्हती जणू.

यंदा फेब्रुवारीत क्लबाला मैत्रीचा सामना सुचला, गुरुवारचे विरुद्ध रविवारचे. पेपरचा फोटोग्राफरही बोलावला.

“फोटोपुरते बरे चालतो आपण! मी नाही येणार,” मी म्हटलं.

“यायचं गं,” वेन्डी म्हणाली, “आणि नीट खेळायचं.”

आम्ही जीव तोडून खेळलो. शेवटच्या फेरीत एकच दगड उरला, वेन्डीचा. तो गोलाच्या मध्यावर थांबला तर आम्ही जिंकणार होतो. कर्लिंगच्या क्लबात पंच नसतो. दोन्ही कप्तानांनी हात मिळवले की सामना संपतो, तोवर नाही. वेन्डीने दगडाची मूठ धरली, आणि दगड न टाकताच मूठ सोडून ती उभी राहिली.

“धिस वन आय विल थ्रो ऑन थर्सडे,” ती म्हणाली.

समोरचा कप्तान केनेथच होता. त्याला वाटलं, बाईला बरं नाही. मग त्याने हसत हात पुढे केला. “गुड गेम, वेन्डी!”

वेन्डीने दोन्ही हात जॅकेटच्या खिशात घातले. “गेम इज नॉट ओव्हर, केनेथ.”

“देअर इज अ प्रोसेस...”

“सहा वर्षं अप्लाय करतेय,” ती आमच्याकडे वळून मराठीतच कडाडली, “आता कसली प्रोसेस राहिली?”

सोमवारी पेपरात तोच फोटो आला. केनेथचा पुढे केलेला हात आणि वेन्डीचे खिशातले. गावभर चर्चा झाली, तेव्हा कुठे बुधवारी क्लबाचा ईमेल आला: उरलेला दगड गुरुवारी टाकावा, पुढचं ‘ट्रायल बेसिस’वर बघू. देतानाही हात आखडता!

गुरुवारी फोटोग्राफरने काढलेले बर्फाचे फोटो बघून सगळे दगड जागच्या जागी मांडले. वेन्डीने शेवटचा सोडला. तो वीतभर पुढे गेला. आम्ही हरलो.

तिने ग्लव्ह काढून केनेथशी हात मिळवला. “यू वन,” म्हणाली. मग फळ्यापाशी गेली, खडू उचलला आणि त्या रिकाम्या जागी आमच्या टीमचं नाव लिहिलं. कुणाला विचारलं नाही.