बसून पाहायचा नंदी

"नंदी देखणा आहे, पण प्रपोर्शन चुकलंय," मी माईकवर सांगितलं. "मान जाड, डोकं मोठं. मार्क कापावे लागतील."

रोहणा गावचा तान्हा पोळा होता. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्याकडे लहान पोरं चाकांवरचे लाकडी नंदी ओढत मिरवतात. मी वर्ध्याच्या एका शाळेत ड्रॉइंग टीचर, म्हणून नंद्यांच्या स्पर्धेचा परीक्षक. प्रपोर्शन म्हणजे एका अवयवाचं दुसऱ्याशी असलेलं माप. जमिनीवर मांडलेल्या नंद्यांसमोर मी पेन्सिल आडवी-उभी धरत, उभ्यानंच फिरलो होतो.

"बापानं केलता सर हा," शामराव सुतार हळूच म्हणाले. साठीचा माणूस. "मान लयच जाड हाय का?"

"जाडच," मी म्हणालो.

निकाल सांगून देवळाच्या पायरीवर चपला घालायला बसलो. शामरावांची नात तोच नंदी ओढत समोरून आली. माझी नजर त्याच्या डोळ्यांच्या रेषेत आली आणि मी चक्क पाय मागे घेतले. ती जाड मान आता जोर लावत होती, मोठं डोकं अंगावर येत होतं. शामरावांच्या बापानं नंदी लहान पोराच्या उंचीवरून पाहायला घडवला होता. मी वरून पाहिला.

शामराव दहा पावलांवर उभे होते. तिथंच सांगायला हवं होतं. पण गावासमोर माईकवर बोललेलं परत कसं घ्यायचं? पुढच्या वर्षी सांगू म्हटलं आणि एसटी पकडली.

पुढच्या वर्षी शामराव नंदी उचलून माझ्याकडेच आले.

"सर, तुम्ही म्हटलं तसं केलं. कानशीनं घासून मान बारीक केली, डोकंही लहान केलं. आता पाहा."

मापं सगळी बरोबर होती. मी उकिडवा बसलो. समोर एक नीटनेटकं खेळणं होतं, बस.

"काऊन बसले सर? काही राह्यलं का?"

"नाही. बरोबर आहे."

"चला, बापाची चूक सुधरली तुमच्यानं," ते मनापासून हसले.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पहिला नंबर त्यांनाच दिला, गावानं टाळ्याही वाजवल्या.

आता कोणतीही मूर्ती मी आधी खाली बसून पाहतो. मुलांनाही तेच शिकवतो. आपलं चुकलं तर त्याच दिवशी सांगावं, हे मात्र अजून कोणत्या तोंडानं शिकवू, कळत नाही.